कवळी काढून वाजवलेली शिट्टी

घोडबंदर रोडवरच्या आमच्या सोसायटीत गणपतीत कलागुणांचा कार्यक्रम असतो. यंदा त्यात मीही नाव दिलं. कला कोणती, तर शिट्टी. म्हणजे तोंडानेच ना, असं सेक्रेटरींनी दोनदा विचारून घेतलं.

माजिवड्याला चाळीत वाढले. तिथे शिट्टी वाजवली की आई पाठीत धपाटा घालायची; पोरीच्या जातीला शोभत नाही म्हणे. लग्नानंतर सासूबाईंनीही तेच ऐकवलं. आता पासष्टी उलटली, कोणाला शोभून दाखवायचंय? त्यात नातवाबरोबर मोबाइलवर एक जुनं कार्टून बघितलं. हौशी कलाकारांच्या कार्यक्रमाचा पार बोजवारा उडतो, एकेकाला ओढत पडद्याआड नेतात, पण एक लठ्ठ मांजरी पुन्हा पुन्हा येऊन गातच राहते. नातू हसून लोळत होता. मला त्या मांजरीचा हेवा वाटला.

सराव दणक्यात झाला. पुढचे दात काढलेले होते, म्हणून बोळक्या तोंडानेच लग्नाच्या बँडची एक चाल बसवली. घात केला तो नव्या कवळीने. ती नेमकी आदल्या दिवशी मिळाली आणि फोटो चांगले येतील म्हणून सुनेने घालायलाच लावली.

माईकसमोर ओठ गोल केले, तर नुसती हवा. पुन्हा फुंकलं, तर फुस्स. तिसऱ्यांदा जोर लावला तशी कवळीच सुटली, कशीबशी ओठांनी अडवली. मंडप हसत सुटला. सेक्रेटरींनी पुढच्या मुलीला वर यायची खूण केली. माझा मुलगा धावत स्टेजपाशी आला.

"आई, बस झालं गं. खाली ये, लोक हसतायत."

मला सणकून राग आला. हसू देत की. मी सगळ्यांदेखत कवळी काढली, रुमालात गुंडाळली आणि त्याच्याच हातात दिली.

"धर. इतकी वर्षं गप्प बसले, आता पूर्ण वाजवूनच उतरणार."

आणि वाजवली. मध्ये एकदा श्वास कमी पडला, एकदा सूर गेला. हसणारे हसतच होते, काहींनी ठेका धरला, पण त्यांच्यासाठी मी वाजवत नव्हतेच. शेवटची ओळ संपेपर्यंत माईक सोडला नाही.

खाली उतरल्यावर मुलगा पुटपुटला, निदान पुढच्या वर्षी तरी हे नको. मी तिथेच, त्याच्यादेखत, सेक्रेटरींना सांगितलं की पुढच्या वर्षी माझं नाव सगळ्यात आधी लिहा.