धार लावायला नेलेली कात्री

निम्मी वाट सरली तरी वन्सं बोलायला तयार नव्हत्या. धारवाल्याच्या दुकानातून निघाल्यापासून त्या दोन पावलं पुढे, आणि भावजय पिशवी सांभाळत मागे. पिशवीत अंजिरांच्या छाटणीची कात्री होती, जुन्या टॉवेलात गुंडाळलेली. अर्धा तास थांबूनही बस आली नव्हती. "रिक्षा करू या का?" असं भावजयीनं विचारलं, तेव्हा उत्तर मिळालं, "पाय अजून शाबूत आहेत माझे."

दुकानात जे झालं, ते दोघींनाही पुन्हा काढायचं नव्हतं. धारवाल्यानं कात्री उजेडात धरली, कागद कापून पाहिला, मग चामड्याचा तुकडा. "मावशी, गेल्याच महिन्यात मी हिला धार लावलीय. उगाच घासली तर पातं झिजेल."

"मग स्प्रिंग बघ. कडक झालीय."

त्यानं स्प्रिंगही पाहिली आणि कात्री त्यांच्याच हातात दिली. "जरा दाबून दाखवा बरं."

वन्संनी दाबली. पाती निम्मी मिटली आणि मनगटातला जोर संपला. धारवाला भला माणूस. त्यानं नजर वळवली, चहा घेणार का विचारलं. वन्सं पायऱ्या उतरूनही गेल्या होत्या.

वन्सं म्हणजे भावजयीच्या नवऱ्याची थोरली बहीण. शाळेचे गणवेश शिवणाऱ्या कारखान्यात त्यांनी एकतीस वर्षं कापड बेतलं. वीस वीस थर टेबलावर अंथरायचे आणि खडूच्या रेघेवरून कात्री चालवायची. त्यांचा काप रेघेबाहेर गेलेला कोणी पाहिला नाही. आई लवकर गेली, धाकट्या भावाला त्यांनीच वाढवलं. लग्नाचा विषय निघाला की म्हणायच्या, "विचारणारे आले तेव्हा मला वेळ नव्हता. मला वेळ झाला, तोवर ते आजोबा झाले होते."

कारखान्यामागचं अंजिराचं झाड तोडलं, तेव्हा त्याच्या दोन डहाळ्या त्यांनी डब्याच्या पिशवीतून घरी आणल्या. त्यांचीच आता परसात दोन झाडं. दरवर्षी छाटणीआधी तीन आठवडे पाणी बंद. पानं गळतात, झाड विश्रांती घेतं. मग वन्सं भावाचा जुना पूर्ण बाह्यांचा शर्ट चढवायच्या, हातांना खोबरेल चोपडायच्या, कारण अंजिराचा चीक लागला की कातडी खाजून लाल होते. एकमेकींवर घासणाऱ्या फांद्या आधी काढायच्या, म्हणजे ऊन मध्यापर्यंत पोचतं. मग गेल्या वर्षीची एकेक फांदी निम्मी, डोळ्याच्या, म्हणजे कोंब फुटतो त्या गाठीच्या, जरा वर, तिरकी. त्यांच्या झाडांना फळ धरायचं ते नव्या फुटीवर. छाटणी हुकली की वर्ष हुकलं.

भावजय नवी नवरी असताना वन्सं चार दिवस परगावी गेल्या होत्या. उघडीबोडकी झाडं पाहून हिला भरून आलं. हिनं रोज दोन बादल्या पाणी घातलं, वर पूजेचा तांब्याही तिथंच रिता केला. झाडं वेळेआधी शेंड्याशी फुटली. त्या वर्षी अंजिरं मोजून सात. वन्सं ओरडल्या नाहीत. "दया करायची तर माझ्यावर करत जा," एवढंच म्हणाल्या. मात्र पुढची अठरा वर्षं हिला झाडाखाली झाडण्यापलीकडे काम मिळालं नाही. पहिलं पिकलेलं अंजीर तेवढं न चुकता हिच्या हातावर यायचं. "जा, तुझ्या देवापुढे ठेव. तो काही बोलत नाही, मग आम्ही खाऊ."

यंदा हिवाळ्यात न्हाणीघरात पाय घसरून वन्संचं मनगट मोडलं. प्लास्टर निघालं, डॉक्टरांनी हाड जुळल्याचं सांगितलं, घरच्यांनी मानलं. आता झाडांचं पाणी तोडून तीन आठवडे झाले होते. फांद्यांवरचे डोळे फुगायला लागले होते. आज सकाळीच भाऊ म्हणाला होता, "ताई, रविवारी माणूस बोलावतो. करवतीनं तासाभरात मोकळं."

"केस कापायला तू सुताराकडे जातोस का?"

भाऊ हसला, पण माणूस सांगून ठेवायचं त्यानं सोडलं नव्हतं.

परतीच्या वाटेवर पाण्याच्या टाकीपाशी बुटका कठडा होता. वन्सं तिथं बसल्या. "आता तूही विचार, हात दुखतो का म्हणून."

"विचारायचं काय? दिसतंय मला."

"कधीपासून?"

"चादरी न पिळताच दोरीवर टाकायला लागलात, तेव्हापासून."

"आणि मूग गिळून बसलीस."

"तुमच्या हाताविषयी तुम्हाला सांगणारी मी कोण?"

वन्संनी पिशवीतून कात्री काढली, कुंपणाच्या मेंदीच्या काडीला लावली, दोन्ही हातांनी दाबली. काडी वाकली, तुटली नाही. भावजयीनं मनातल्या मनात देवाचं नाव घेतलं. पण मागायचं काय, ते तिला सुचेना. हात बरा होऊ दे म्हणावं, तर झाडं तोवर थांबणार नव्हती.

"करवतवाला नको," ती म्हणाली. "कात्री चालवणारा चांगला माणूस शोधू."

"तो कापेल आणि जाईल. कुठली फांदी कशासाठी राखली, ते पुढच्या वर्षी त्याच्या लक्षात राहणार आहे का? तुझ्या राहील. दोन वेळा धुणं वाळत घालायला तू तिथंच असतेस."

"मला नाही जमायचं, वन्सं. चुकले तर?"

"चुकशील की. पहिल्या वर्षी मी एक झाड पार बोडकं केलं होतं. भावाला म्हटलं, कीड लागली." त्या किंचित हसल्या, मग हसू आवरलं. कात्री टॉवेलात गुंडाळून त्यांनी भावजयीच्या मांडीवर ठेवली.

"उद्या सकाळी मी समोर खुर्ची टाकून बसते. काठीनं फांदी दाखवते, तू काप. माझी जीभ तुला ठाऊक आहे. मी बोलेन, जिव्हारी लागेल असं बोलेन, तेव्हा मला थांबता यायचं नाही. म्हणून आत्ताच मागून ठेवते. मी काहीही बोलले तरी दोन्ही झाडं पुरी होईपर्यंत कात्री खाली ठेवू नकोस."