काढून दाखवा

अर्ज हातात आला की आमचे साहेब तो न वाचताच उलटा करायचे, कोरी बाजू अर्जदाराकडे सरकवायचे आणि कानावरची पेन्सिल काढून त्यावर ठेवायचे. "काढून दाखवा."

समोरचा माणूस गांगरायचा. "काय काढू, साहेब?"

"सिमेंट मागतास ना? मग काय बांधतास ता काढा."

त्या काळात तुम्ही मुंबईत घराची डागडुजी करून घेतली असेल, तर तुम्हाला वेगळं सांगायला नको. पण आता कुणाला पटत नाही, म्हणून सांगते. ऐंशीच्या दशकाची सुरुवात होती. देशात सिमेंट कमी पिकायचं. हो, आम्ही 'पिकायचं' असंच म्हणायचो, धान्यासारखं. कारखाने थोडे, त्यांना कोळसा आणि वीज पुरेशी मिळत नसे. भाव सरकारनं ठरवलेला आणि वाटपही सरकारच्याच हातात. मोरीला गिलावा करायचा म्हटला तरी आधी अर्ज, त्यावर इन्स्पेक्टरचा शेरा, मग परमिट. आणि परमिट घेऊन दुकानात जावं तर दुकानदार म्हणायचा, "माल आला नाही, पुढच्या आठवड्यात या." ज्यांना धीर नसे ते काळ्या बाजारात जात. तिथल्या पोत्यात सिमेंट किती आणि राख किती, ते देवाला ठाऊक.

अंधेरीच्या ज्या सरकारी कचेरीत हे अर्ज यायचे, तिथे मी टायपिस्ट म्हणून नवीनच लागले होते. वाकोल्याहून बसनं यायची. साहेब म्हणजे आमचे इन्स्पेक्टर. पन्नाशीचे, बुटके, शर्टाची वरची गुंडीसुद्धा लावणारे. वडील मालवणाकडून येऊन गिरणीत लागलेले. साहेबांचा जन्म इथलाच, पण मालवणी बोलणं काही सुटलं नव्हतं. मला ते पहिल्या दिवसापासून 'बाय' म्हणायचे.

त्या अर्जांच्या मागची चित्रं मी टाइप करता करता चोरून बघायची. कुणी मोरी काढायचा, कुणी पडकी भिंत, कुणी पाण्याची टाकी. घाटकोपरच्या एका बाईंनी न्हाणी काढली होती आणि नळाखाली दोन थेंबसुद्धा. साहेबांनी विचारलं, "नळ गळता काय?" बाई म्हणाल्या, "हो, पण त्याचा अर्ज वेगळ्या खिडकीवर आहे ना!" साहेब इतके हसले की चष्मा काढून पुसावा लागला.

मी एकदा विचारलं, "साहेब, चित्रावरनं काय कळतं तुम्हाला?"

"खोटो माणूस आधी छप्पर काढता, बाय. खरो माणूस आधी दार काढता. तो रोज थंयसून आत जाता ना!"

आणि खरंच त्यांना कळायचं. एकदा सफारी घातलेले एक गृहस्थ तीसेक अर्जांचा गठ्ठा घेऊन आले. साहेबांची सवय त्यांना कुणीतरी सांगितली असावी, कारण प्रत्येक अर्जामागे चित्र आधीच तयार. सगळीकडे जिना, आणि सगळे जिने एकाच हातचे. पत्ता वाकोल्याच्या एका चाळीचा. साहेबांनी गठ्ठा ठेवून घेतला, दुसऱ्या दिवशी तिथे गेले आणि दुपारी कचेरीच्या दारातूनच ओरडले, "बाय, बैठी चाळ! वर मजलोच नाय! जिनो खंय जातलो, आभाळात?" तीसच्या तीस अर्ज नामंजूर झाले. ते गृहस्थ पुन्हा कधी दिसले नाहीत.

शेरा मारण्याआधी जागा बघायची, हा नियमच होता. बाकीचे इन्स्पेक्टर खुर्चीत बसून तो पाळायचे. आमचे साहेब पायी हिंडायचे. एकदाच त्यांनी तो पाळला नाही, तीच गोष्ट सांगायची आहे.

मालाडच्या पश्चिमेला खाडीकाठी एक कोळीवाडा आहे. तिथली एक कोळीण आली होती. चांगली धिप्पाड, केसात अबोलीची वेणी, आणि रांगेतल्या सगळ्यांना ऐकू जाईल असा आवाज. साहेबांनी अर्ज उलटा केला, पेन्सिल ठेवली. तिनं ती मुठीत धरली आणि कागदाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत एक सरळ रेघ ओढली. बस.

"ह्या काय?"

"बांध."

"कसलो बांध?"

"पान्याचा. उधान आला का पानी घरान येतं. अडवाला नको?"

"समुद्राक बांध घालतलंस? सहा पोत्यांत?"

रांग हसली. साहेबही हसले. त्या दिवशी रांग जिन्यापर्यंत गेली होती, उकाडा होता, आणि मला वाटतं, साहेबांचा आपल्या पेन्सिलीवर जरा जास्तच विश्वास बसला होता. दार नाही, भिंत नाही, नुसती रेघ. त्यांनी तिथल्या तिथे शेरा मारला : 'दुरुस्तीत बसत नाही. नामंजूर.'

बाईनं वाद घातला नाही. एवढंच म्हणाली, "बघाला तरी ये एकदा." आणि गेली.

पुढे पावसाळ्यात दुसऱ्याच कुणाच्या अर्जाची पाहणी करायला साहेब त्या कोळीवाड्यात गेले. आदल्याच दिवशी मोठं उधाण येऊन गेलेलं. परत आले तेव्हा त्यांची पँट गुडघ्यापर्यंत भिजून वाळलेली होती आणि त्यावर मिठाचे पांढरे डाग. खुर्चीत बसले आणि बराच वेळ समोरचा अर्जही त्यांनी उचलला नाही.

"काय झालं, साहेब?"

"तिचा घर बघितलंय, बाय. भिंतीर पाण्याची रेघ हा. हय." त्यांनी गुडघ्यावर हात ठेवला. "कागदार तिणा काढल्यान, तशीच."

उन्हाळाभर सुकवून ठेवलेला जवळा, बोंबील, सगळं भिजून कुजलं होतं. पावसाळ्यात होड्या बंद, तेव्हा त्यावरच तिचं घर चालायचं. बाई टोपल्या धूत होती. तिनं साहेबांना ओळखलं.

"काय बोलली?"

"चाय दिल्यान माका." साहेब खिडकीकडे बघत राहिले. "शिवी दिली असती तर बरा झाला असता."

तिला काय हवं होतं ते आता त्यांना कळलं होतं. समुद्राला बांध नव्हे. घराच्या खाडीकडच्या बाजूला गुडघाभर उंचीची, पंधरा हात लांब भिंत. सहा पोती पुरेशी होती. पण वाटपाची यादी तयार झाली होती, तिच्यात एका पोत्याची जागा उरली नव्हती.

त्या यादीत एक नाव साहेबांचं स्वतःचं होतं. नाहूर स्टेशनच्या पूर्वेला एका बैठ्या चाळीत ते राहायचे. खोलीची जमीन मातीची. काकी, म्हणजे त्यांची बायको, तबेल्यातनं शेण आणून दर आठवड्याला ती सारवायच्या आणि त्यांचे गुडघे दुखायचे. सिमेंटचा कोबा करून घ्यायचा म्हणून साहेबांनी अर्ज टाकला होता, सगळ्यांसारखा, रांगेत उभं राहून. दोन वर्षांनी त्यांची सहा पोती मंजूर झाली होती.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला मजकूर सांगितला आणि मी टाइप केला. माझं नाव यादीतून कमी करावं. अमुक अर्जावर जागेची पाहणी न करता मी शेरा मारला, तो चुकीचा आहे, तो मी मागे घेतो. माझ्या सहा पोत्यांच्या जागी त्या अर्जाचा विचार व्हावा.

'पाहणी न करता' या शब्दांवर माझी बोटं थांबली. "साहेब, हे लिहायलाच हवं का? मेमो मिळेल तुम्हाला."

"मगे काय लिवतलंस? भुतान शेरो मारल्यान?"

आमच्या वरिष्ठांनी कागद वाचला, साहेबांना बोलावलं. मधल्या दाराला फळी नव्हती, सगळं ऐकू यायचं.

"अहो, एवढी वर्षं नोकरी झाली, एक डाग नाही. कशाला स्वतःच्या हातानं लिहून देताय? पुढच्या यादीत घालू तिला."

"पुढची यादी दिवाळीनंतर, साहेब. त्याआधी अजून दोन उधाणां आसत."

वरिष्ठांनी पेनाचं टोपण काढलं. त्यांनी सही केली. मेमोवरही केली, कारण ती करणं भाग होतं.

त्या आठवड्यात एका दुपारी काकी कचेरीत आल्या. त्यांना मी पहिल्यांदाच बघत होते. साहेबांहून उंच, हातात कापडी पिशवी. कोब्याचं त्यांना शेजाऱ्याकडून कळलं होतं. मी टाइपरायटरमागे लपल्यासारखी बसले.

"माका सांगूक काय झाला होता?" काकी टेबलापुढे उभ्या राहून म्हणाल्या.

"तू रागावतलंस म्हणान..."

"जमिनीसाठी रागावतलंय मी? लोकांच्या तोंडातसून कळला म्हणान रागावलंय!" मग पिशवीतून डबा काढून टेबलावर आपटला. "डबो इसारलास सकाळी. जेवा." आणि माझ्याकडे वळून म्हणाल्या, "बाय, तूसुदा जेव."

भिंत एका रविवारी बांधली. साहेबांनी मलाही बोलावलं होतं. काकीही होत्या. गवंडी दोरी लावत होता आणि साहेब पँट दुमडून, "हयसून पाणी येता, हयसून," असं त्याला दाखवत होते.

कोळीण कमरेवर हात ठेवून बघत होती. शेवटी तिला राहवलं नाही. "साहेबा, हो बाजूला. पानी तू म्हनतंस तिथनं नाय येत." तिनं गवंड्याच्या हातातली दोरी घेतली आणि वाकडी लावली, एका टोकाला चांगला हातभर वळसा देऊन. साहेब बाजूला झाले. काकींना हसू आवरेना. जेवायला तिनं आम्हाला भाकरी आणि खाडीतल्या निवट्या माशांचं कालवण वाढलं. साहेबांनी तीन भाकऱ्या खाल्ल्या.

पुढचं उधाण अमावास्येला आलं. दुसऱ्या दिवशी साहेब कचेरीत उशिरा आले, पण बूट कोरडे होते. मी काही विचारायच्या आतच म्हणाले, "थांबला, बाय. वळशाकडेच थांबला."

त्यानंतर हळूहळू काळ बदलला. सरकारनं बंधनं सैल केली, कारखान्यांना त्यांच्या मालातला काही भाग खुल्या बाजारात विकायची मोकळीक मिळाली. नवे कारखाने निघाले. आधी वर्तमानपत्रात वाचलं, मग डोळ्यांनी दिसायला लागलं. मुलुंडच्या रस्त्यावर हार्डवेअरच्या दुकानांबाहेर पोत्यांच्या थप्प्या दिसू लागल्या. आमची रांग जिन्यावरून दारापर्यंत आली, दारातून खिडकीपर्यंत, आणि एका सोमवारी अख्ख्या दिवसात एकही अर्ज आला नाही.

कचेरीतले बाकीचे बदलीच्या काळजीत होते. कुणाला कुठे टाकतात, रेशनकार्डांना की रॉकेलला. साहेब मात्र रिकाम्या बाकड्याकडे बघून खुशीत होते. "कोण येऊक नाय आज," ते मला म्हणाले, "म्हणजे सगळी बांधतत थंय."

आमचा विभाग बंद झाला त्याच वर्षी ते निवृत्त झाले, आणि त्यांनी कोबा करून घेतला. मी बघायला गेले तर दाराला आडवी फळी आणि आत खोलीभर पाणी. कोबा पक्का व्हायला आठ दिवस पाणी साठवून ठेवतात ना, तसं. नवराबायको शेजारच्या ओट्यावर बसून आपल्याच घराकडे बघत होते. मांजर फळीवर चढलं तरी काकी हातातला पंखा घेऊन धावायच्या. मी म्हटलं, "आठ दिवस असंच बसणार?" काकी म्हणाल्या, "माजे गुडघे इतकी वर्सा बसाची वाट बघी होते. बसांदेत."

पुढे ते दोघं गावी गेले. पत्रं यायची, मग कमी झाली. एके दिवशी काकी एकट्याच वाकोल्याला माझ्या घरी आल्या. आमसुलं आणली होती. साहेब जाऊन तीन महिने झाले होते. मी चहा ठेवला. त्याच सांगत राहिल्या, पुतण्याच्या घराविषयी, आंब्यांविषयी. मग म्हणाल्या, "गेले त्या दिवशी सकाळी आमचा भांडाण झाला, बाय."

"कशावरनं?"

"कौलां बघूक छपरार चढले. ह्या वयात! वरसून माका म्हणतत, 'पेज वाढ.' मी म्हटलंय, 'आधी खाली उतरा, मगे वाढतंय.'"

"मग उतरले?"

"उतरले. हात धुतले, पेज जेवले. 'आज पेज बरी झाली,' म्हणाले." काकींनी पदरानं डोळे पुसले, पण चेहरा हसरा होता. "आणि मगे ओसरीर जाऊन निजले."