मार दिलेलं पान

गायकवाड काका लेख तपासत नसत, सोलून काढत. लाल पेन्सिल अशी दाबत की कागद फाटायचा. मॅसॅच्युसेट्समधल्या श्रूजबरीच्या आमच्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकासाठी मी पहिला लेख दिला, त्यातल्या दोनच ओळी शिल्लक राहिल्या.

"काका, बाकीचं काय झालं?"

"मेलं. जगण्यासारखं नव्हतं."

काका मूळचे नगरचे. तिथे मिशनच्या शाळेत वीस वर्षं मास्तर होते. मग इकडे येऊन धर्मशास्त्र शिकले आणि शेजारच्या गावातल्या जुन्या काँग्रिगेशनल पंथाच्या चर्चचे पाळक, म्हणजे धर्मगुरू झाले. एकेकाळी मॅसॅच्युसेट्सचे मिशनरी नगरला गेले, आता नगरचा माणूस इथल्या गोऱ्यांना उपदेश करतो, याचं त्यांना भारी हसू यायचं. "फिट्टंफाट झाली," म्हणायचे.

चर्चच्या वर्धापनदिनाला तिथल्या एका जुन्या पाळकाचं चरित्र काढायचं ठरलं. एकोणिसाव्या शतकातले रेव्हरंड होल्ट; पाळक, शाळामास्तर आणि संपादकही. लिहिणार काका, कॉम्प्युटरवर पानं लावणार मी. गुलामगिरीविरुद्ध साप्ताहिक चालवलं म्हणून जमावाने होल्टसाहेबांचा छापखाना कुऱ्हाडींनी फोडला होता. त्यांना केस धरून रस्त्यावर ओढलं, बरगड्या मोडेस्तोवर तुडवलं. हे प्रकरण गावाचं फार लाडकं.

पण माळ्यावरच्या पेटीत काकांना होल्टसाहेबांची रोजनिशी सापडली. पाठ न आलेल्या एका मुलाला आपण छडी मोडेपर्यंत मारलं, मग दुसरी छडी मागवली, असं त्यांनीच लिहून ठेवलं होतं. मुलाच्या कानातून रक्त आलं. त्या कानाने त्याला पुन्हा कधी ऐकू आलं नाही. काकांनी ते जसंच्या तसं पुस्तिकेत घेतलं.

"हे पान काढा, आनंदाचा प्रसंग आहे," कमिटीच्या अध्यक्ष मार्गारेटबाई म्हणाल्या.

"बाई, मार खाल्लेला छापायचा आणि मार दिलेला कापायचा?"

"मग तुम्हाला हे चर्च सोडावं लागेल."

काका हटले नाहीत. कमिटीने परस्पर मलाच ई-मेल पाठवला: पान वगळून छपाईला द्या. मी दिलं. शेपूट घातलं, दुसरं काय!

वर्धापनाच्या रविवारी काकांनी पुस्तिका चाळली, एकदा माझ्याकडे पाहिलं आणि उपदेशाऐवजी खिशातला कागद काढून तेच पान वाचायला घेतलं. कुजबूज झाली, मग आरडाओरडा. तिसऱ्या रांगेतला एक धिप्पाड माणूस उठला आणि त्याने जाडजूड गीतपुस्तक भिरकावलं. काकांचं कपाळ फुटलं. रक्त भुवईवरून कागदावर टपकत होतं, तरी त्यांनी शेवटची ओळ वाचली. मग म्हणाले, "नगरला मीही एका मुलाला डस्टर फेकून मारलं. त्याचं नाव दिलीप. त्याचा डावा डोळा गेला. मी कधी माफी मागितली नाही."

मी त्यांना इमर्जन्सीला घेऊन निघालो. कपाळाला धरलेला माझा रुमाल लालभडक झाला होता.

"काका, सॉरी. पान मी काढलं."

"ठाऊक आहे. कापायला मीच शिकवलं ना तुला? काय कापू नये, ते शिकवायचं राहिलं."

महिन्याभरात त्यांचं चर्च सुटलं. गेल्या हिवाळ्यात कॅन्सरने त्यांना अंथरुणावर पाडलं. मंडळाच्या अंकासाठी मी त्यांच्यावर लेख लिहिला, तो त्यांनी हट्टाने मागून घेतला. परत आला तेव्हा कागद कुठेच फाटलेला नव्हता. हातात जोर उरला नव्हता. एकच शब्द खोडला होता. 'प्रेमळ शिक्षक' मधला 'प्रेमळ'. समासात लिहिलं होतं, "दिलीपला विचार." खाली नगरचा फोन नंबर होता. इतकी वर्षं तो जपला होता, लावला मात्र नव्हता.

त्याच आठवड्यात काका गेले. मी खूप रडलो, आणि मग नगरला फोन लावला. दिलीपरावांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. काका गेल्याचंही ऐकलं. शेवटी मी त्या खोडलेल्या शब्दाचं विचारलं.

मग म्हणाले, "तो शब्द नका लिहू."

नाही लिहिला.