वन्संचं परराष्ट्र खातं

मासळी बाजारात मी जनाबाईशी पापलेटावरून घासाघीस करत होते, तेव्हा शेजारच्या काकूंचा फोन आला. वन्सं गेल्या होत्या. खुर्चीत बसल्या बसल्या, चहाचे दोन घोट घेऊन, समोर बातम्या लावून. माझ्या चेहऱ्यावरून जनाबाईला काय ते कळलं. करंजाहून टोपली घेऊन येणारी ही कोळीण म्हणजे वन्संची जुनी मैत्रीण आणि तितकीच जुनी विरोधक. तिने हातातलं पापलेट बर्फावर ठेवलं, डोक्यावर पदर घेतला आणि म्हणाली, "आता मी भांडू कोनाशी, बाय?" मी रडत होते आणि त्या वाक्याने हसूही येत होतं. वन्संबद्दल काहीही बोलायला गेलं की असंच होतं. अजूनही लोक भेटायला येतात, खारघरहून त्यांचे जुने विद्यार्थी येतात, पाच मिनिटं गंभीर चेहऱ्याने बसतात, आणि मग कुणीतरी एखादा किस्सा काढतं की गांभीर्य गेलंच.

वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण, कुंदा. लग्न केलं नाही. पनवेलच्या एका ज्युनिअर कॉलेजात राज्यशास्त्र शिकवलं आणि निवृत्त झाल्यावर तोच वर्ग आमच्या घरी भरवला. अमेरिका, रशिया, चीन, इराण ही सगळी मंडळी आमच्या ओट्याशी उभी असायची. भांडणाऱ्या दोन्ही घरांतून विरजण आणता आलं पाहिजे, यालाच परराष्ट्र धोरण म्हणतात, हे त्यांनी मला दही लावता लावता समजावलं. 'दोघांचं भांडण, तिसऱ्याचा लाभ' ही म्हण त्यांना अजिबात मान्य नव्हती. दोन बलाढ्य भांडतात तेव्हा तुडवलं जातं ते तिसऱ्याचंच अंगण, म्हण रचणाऱ्याने तो तिसरा पाहिलेला नाही, असं त्यांचं ठाम मत. मी नवी नवरी असताना धास्तावले होते की नणंद म्हणजे टोमणे मारणार, आमटीत खोड्या काढणार. इथे नणंद नकाशा पसरून विचारत होती, सुएझ कालवा कुठे ते दाखव. मी भलतीकडेच बोट ठेवलं. त्यांनी ते बोट धरून हळूच योग्य जागी नेलं आणि म्हणाल्या, आता तू आमच्यातली.

अभ्यास दांडगा, पण भाकीत? हमखास चुकीचं. कुठल्याही सीमेवर चार तोफा हलल्या की वन्सं जाहीर करायच्या, आता युद्ध अटळ आहे. आणि युद्ध टळायचं. एकदा त्यांचं ऐकून सासूबाईंनी साखरेचं पोतं आणून ठेवलं. युद्ध काही झालं नाही, मुंग्यांची मात्र चंगळ झाली. उलट, आता शांतता नांदणार असं त्या म्हणाल्या की कुठेतरी बाँब पडलेच म्हणून समजा. वडाळे तलावाच्या कट्ट्यावर संध्याकाळी जमणारी निवृत्त मंडळी म्हणायची, मॅडमच्या पोपटाने लढाईची चिठ्ठी काढली, चला, निश्चिंत झोपा. जनाबाईच्या भावाची होडी डिझेलवर चालते, त्यामुळे आखातातली बातमी तिच्या पोटापाण्याची. ती वन्संना विचारायची, कडाकडा भांडायची आणि घरी जाऊन भावाला बरोबर उलटं सांगायची. वन्संना याचा राग नव्हता. माझं चुकतं तेच बरं, म्हणायच्या, युद्धाचं भाकीत खरं ठरून कुणाचं भलं झालंय?

मागच्या वर्षी मात्र हा विनोद आमच्या जिवाशी आला. माझा निखिल टँकरवर थर्ड ऑफिसर आहे. त्याचं जहाज तेल भरून होर्मुझच्या सामुद्रधुनीच्या आतल्या बाजूला नांगर टाकून उभं होतं. समुद्रात महासत्तेच्या युद्धनौका, किनाऱ्यावर क्षेपणास्त्रं, मध्ये तेलाने भरलेली जहाजं, आणि त्यातल्या एकावर माझं पोर... फोन कधी लागायचा, कधी नाही. लागला की तो जेवायला काय होतं तेवढंच सांगायचा, म्हणजे बाकीचं सांगण्यासारखं नव्हतं. मी वन्संकडे धावले. त्या बराच वेळ नकाशाकडे बघत राहिल्या. मग माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाल्या, "काही होणार नाही, सुनंदे. युद्ध दोघांनाही परवडत नाही."

वन्सं म्हणतात होणार नाही, म्हणजे होणार! मी तिथेच जमिनीवर बसले आणि हमसाहमशी रडले. बिचाऱ्या वन्सं पाण्याचा पेला घेऊन उभ्या. धीर दिल्यावर ही जास्तच का रडते, ते त्यांना कळेना. शेवटी मी कारण सांगितलं, तेव्हा त्यांचं तोंड एवढंसं झालं.

तोडगा काढला जनाबाईने. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी बाजारात गेलो, तेव्हा तिने सगळं ऐकून घेतलं आणि कोयता बाजूला ठेवला. "ताय, तुमी बोला ना लडाई होनार हाय म्हनून," ती म्हणाली. "तुमचा कवा खरा झालाय? पोर येल घरी." वन्सं उसळल्या. मी राज्यशास्त्राची बाई आहे, देवऋषी नाही, असं भर बाजारात ऐकवून मासळी न घेताच निघाल्या. घरी आल्यावरही धुमसत होत्या. मग दुपारी माझ्याजवळ येऊन बसल्या आणि अगदी हळू म्हणाल्या, "आणि नेमकं या वेळी खरं ठरलं तर गं?"

चुकण्याची भीती त्यांना आयुष्यात वाटली नव्हती. निखिलला मांडीवर घेऊन नकाशातल्या निळ्या रंगावर बोट फिरवायला त्यांनीच शिकवलं होतं, समुद्राचं वेड त्यांनीच लावलं होतं. आता त्यांना भीती होती ती बरोबर ठरण्याची. मला त्यांची इतकी माया आली की मी त्यांचा हात धरून नुसती बसून राहिले...

त्या संध्याकाळी वन्सं इरकल नेसल्या, तोंडाला पावडर लावली आणि तलावाच्या कट्ट्याकडे निघाल्या. मी मागोमाग. मंडळी जमल्यावर त्या उभ्या राहिल्या आणि वर्गातल्या खणखणीत आवाजात सुरू झाल्या. कोणत्या देशाला काय हवंय, कुणाचा अहंकार कुठे दुखावलाय, मध्यस्थ का हरणार, माघारीची वाट कुणी कशी बंद करून घेतलीय. एवढं बिनतोड की ऐकताना माझाच थरकाप उडाला. शेवटी चष्मा काढून म्हणाल्या, "तेव्हा युद्ध होणार. अटळ आहे." मग ज्यांचा जावई दुबईला असतो त्या आजोबांनी टाळी वाजवली आणि पाठोपाठ अख्ख्या कट्ट्याने. कुणीतरी सगळ्यांना भेळ दिली. वन्सं भेळ खाताना रडत होत्या आणि तिखट फार आहे म्हणत होत्या.

युद्ध झालं नाही. मुत्सद्दी कुठल्याशा टेबलाभोवती बसले, काहीतरी ठरलं, जहाजं सुटली. निखिल घरी आला तेव्हा देवऋषी नसलेल्या या बाईंनी त्याला दारातच थांबवून भाकरतुकडा ओवाळून टाकला. मुत्सद्द्यांचं कौतुक पुरे, मी चुकले म्हणून पोर घरी आलं, हे वाक्य त्यांनी पुढे येईल-जाईल त्याला ऐकवलं.

परवा निखिलला पुन्हा जहाजावर बोलावणं आलं. तिकडे वातावरण पुन्हा तापलंय. निघण्याआधी तो वन्संच्या खोलीत गेला. खुर्चीच्या पाठीवर त्यांची शाल तशीच आहे, ती घडी करून आत ठेवायला माझा हात होत नाही. लहानपणी बसायचा तसा तो खुर्चीसमोर जमिनीवर बसला आणि म्हणाला, "आई, आता तू म्हण." काय म्हणायचं ते विचारावं लागलं नाही. मी खुर्चीत बसले. युद्ध होणार, म्हटलं, पण आवाज कापला. त्याने मान हलवली. असं नाही, म्हणाला, आत्या कारणं द्यायची. मग मी कारणं द्यायला लागले. कोण कुणावर का चिडलंय, कुणाला कोणतं बंदर हवंय, कुणाची पाठ कुणी थोपटलीय... ओट्याशी उभं राहून ऐकलेलं सगळं आपोआप बाहेर येत गेलं. त्यातलं बरंचसं चुकीचं असणार, पण त्याने आमचं काही बिघडत नव्हतं. निखिल हसायला लागला, मीही हसायला लागले, आणि कधी माझा आवाज चढला ते मलाच कळलं नाही.

"तेव्हा युद्ध होणार," मी खुर्चीचा हात आपटून म्हटलं. "अटळ आहे."

"आता जातो," निखिल म्हणाला, आणि माझ्या पाया पडून त्याने बॅग उचलली.