सिस्टरबाईंचा संध्याकाळचा राऊंड

"जीभ पाहू," असं म्हणत त्या चिमट्यानं गुलाबाचं पान उलटं करायच्या. पानाची चाळणी झालेली दिसली की पानाला काही बोलायच्या नाहीत, माझ्याकडे बघायच्या. माझ्या सासूबाईंनीही माझ्याकडे कधी तसं बघितलं नसेल, आणि माझ्या सासूबाई बघण्यात काही कमी नव्हत्या.

तुमच्याही गल्लीत अशी एक बाई असेलच. स्वतःच्या दारात काही नाही आणि काळजी मात्र सगळ्यांच्या दाराची. आमच्या या बाई सरकारी दवाखान्यातून निवृत्त झालेल्या नर्स. नागपुरात जरीपटक्याच्या अलीकडे तेव्हा आमची वस्ती नवीन होती. तिथे गल्लीच्या टोकाला दोन खोल्यांत त्या एकट्या राहायच्या. भिंतीवर बुद्धाची तसबीर, दारात तुपाच्या रिकाम्या डब्यात लावलेला एक गुलाब, बस्स. सगळे त्यांना सिस्टरबाई म्हणायचे. खरं नाव काय ते फक्त पोस्टमनला ठाऊक.

जूनमध्ये जमीन भिजली की मातीतून तांबूस भुंगेरे निघायचे. दिवेलागणीला थवेच्या थवे आधी समोरच्या कडुनिंबावर आणि मग आमच्या गुलाबांवर. सकाळी पानांच्या शिरा तेवढ्या शिल्लक. सिस्टरबाईंचा राऊंड नेमका तेव्हा सुरू व्हायचा. हातात दवाखान्यातला वाकडा किडनी ट्रे, त्यात पाणी, पाण्यावर रॉकेलचा तवंग. फांदी झटकायची, पडेल तो ट्रेमध्ये, चिकटून बसेल त्याला चिमटा. परवानगी वगैरे काही नाही. वॉर्डात शिरताना कोणी विचारतं का? माझ्या माहेरची माणसं बैठकीत चहा पीत असायची आणि खिडकीत एकदम पांढरी साडी उभी राहायची. "वहिनी, मातीचं तेल संपलं वं. थोडंसं द्या."

रॉकेल रेशनचं. तेही मीच द्यायचं.

बरं, त्यांचे उपचार सगळे लागू पडायचे असंही नाही. एकदा त्यांनी फिनेलचं पाणी घालून माझा पिवळा गुलाब कायमचा झोपवला. मी रडकुंडीला आले. त्या शांतपणे म्हणाल्या, "कधी कधी पेशंट जाते."

मी म्हणायची, सिस्टरबाई, आमच्या झाडांचं आम्ही बघून घेऊ. त्यावर त्यांचं ठरलेलं उत्तर होतं, "रोग एका घराचा नसते, वहिनी." खरंच असेल ते. पण पोळी तव्यावर असताना खरं ऐकायला कोणाला आवडतं?

शेवटी आमच्या ह्यांनी बाजूच्या, मागच्या गल्लीकडे जायच्या लहान फाटकाला जाड तार गुंडाळली आणि पक्कड घेऊन पीळ घातले. दुसऱ्या संध्याकाळी सिस्टरबाईंनी चिमट्यानं ते पीळ सोडवले, राऊंड घेतला आणि जाताना तार परत बांधून टाकली. पण ह्यांच्यासारखी ओबडधोबड नाही. पट्टी बांधल्यासारखी, सपाट, एकावर एक वेढे, आणि टोक आत दाबलेलं, कोणाच्या हाताला लागू नये म्हणून. हे चिडून पुन्हा पीळ घालायचे, त्या पुन्हा पट्टी बांधायच्या. दोघांनी या विषयावर एकमेकांशी कधी चकार शब्द काढला नाही.

एकदा ह्यांनी त्यांना डिवचलं, "सिस्टर, तुमच्या धर्मात जीव मारणं बसतं का?" ट्रेमधून मान वर न काढता त्या म्हणाल्या, "मले त्याहिचा राग नाही, साहेब. वार्डातल्या ढेकणांचाही नव्हता." हे नंतर बराच वेळ पेपर उलटा धरून बसले होते.

आता लॉनचं सांगते. माझ्या नणंदेचं लग्न जमत नव्हतं. दोन स्थळं परत गेली होती. दोन्ही वेळा पाहुणे आमच्या बैठकीत गुडघ्याला गुडघे लावून बसले होते, त्यामुळे ह्यांचं ठाम मत झालं की घर लहान दिसतं म्हणूनच नकार येतो. तेव्हा बाहेर लॉन करायचं, हिरव्यागार गवतावर खुर्च्या मांडायच्या. वर्षभर घरात भाजीपेक्षा गवताला जास्त पाणी मिळालं. मीही कौतुकानं पाइप धरायची. भोळा विश्वास म्हणतात तो हाच.

भुंगेरे आले तसा ह्यांनी कुठेतरी वाचून उपाय काढला. लॉनच्या मधोमध दिवा टांगायचा, खाली पाण्याचं घमेलं. पहिल्याच संध्याकाळी घमेलं काठोकाठ भरलं. हे सगळ्या गल्लीला बोलावून दाखवत होते. सिस्टरबाई आल्या, घमेल्याकडे बघितलं, मग दिव्याकडे, मग गवताकडे.

"पेशंट तर बोलावले साहेब, खाटा किती आहेत?"

हे हसले. त्या म्हणाल्या, "घमेल्यात पडले ते मेले. बाकीच्या तुमच्या गवतात बाळंत होऊन राहिल्या." कडुनिंबावरचे, शेजारचे, मागच्या गल्लीतले, सगळे भुंगेरे आता आमच्या दिव्यावर येत होते आणि आमची ओली, मऊ माती त्यांना अंडी घालायला आयतीच मिळाली होती. ह्यांनी दुसऱ्या दिवशी आणखी मोठा दिवा आणला.

त्या सुमारास रामटेककडचं एक स्थळ सांगून आलं. शेतीवाडीचं घर, मुलगा शाळेत मास्तर. मुलाची आई येऊन मुलगी बघून गेली. आम्ही नणंदेला बजावलं होतं, विचारतील तेवढंच बोल, मान खाली ठेव. तिनं इतकी चोख आज्ञा पाळली की अख्ख्या भेटीत दोनदा "हो" म्हणाली. जाताना बाई म्हणाल्या, "कळवतो." हा "कळवतो" आम्हाला चांगलाच ओळखीचा झाला होता. नणंद त्या दिवशी जेवली नाही.

पुढे गवतावर पिवळे डाग पडले. ह्यांनी पाणी वाढवलं. साळुंक्या येऊन माती उकरायला लागल्या. दसरा झाल्यावर मी एक काडी उपटायला गेले तर गवत गोधडीसारखं उचलून हातात आलं. मुळं नाहीतच. खाली पांढऱ्या, जाड, अर्धगोल वाकलेल्या हुमणीच्या अळ्या, म्हणजे त्या भुंगेऱ्यांचीच पिल्लं, वळवळत होत्या.

सिस्टरबाई म्हणाल्या, सगळं खणून काढा. हे म्हणाले, रामटेकचा होकार येईपर्यंत लॉनला कोणी हात लावायचा नाही. पाहुणे आले तर वरून सतरंजी घालू. "वरून पट्टी बांधा, आत पू राहू द्या," सिस्टरबाई म्हणाल्या. दोघंही माझ्याशीच भांडत होते, एकमेकांशी नाही.

दिवाळीच्या आधी हे कापड आणायला गांधीबागेत गेले आणि फाटकाची तार सुटल्याचा आवाज आला. सिस्टरबाई खुरपं घेऊनच आल्या होत्या. मी नको नको म्हणेपर्यंत नणंदेनं पदर खोचला होता. मग मीही बसले. पाहता पाहता अंगणाची नांगरट झाली. किडनी ट्रे भरला, घमेलं भरत आलं, आम्ही तिघी कोपरापर्यंत चिखलात, आणि समोरच्या फाटकातून रामटेकच्या बाई आत आल्या. नागपुरात काही काम होतं, म्हटलं येऊन जावं.

मला वाटलं, हे तिसरंही गेलं.

बाई चपला काढून आमच्याजवळ आल्या. घमेल्यात डोकावल्या. "अगं माय. आमच्या मिरचीले हेच लागते." आणि चक्क खाली बसून ढेकळं फोडायला लागल्या. थोड्या वेळानं नणंदेकडे वळून म्हणाल्या, "काहून वं पोरी, किळस नाही येत तुले?"

"येते ना," नणंद म्हणाली. "पण दादानं दिवे लावून पाळल्या. आता निस्तराव्या तर लागतील."

मी डोळे मिटून घेतले. बाई हसायला लागल्या, हसता हसता त्यांनी मातीचा हातच तोंडाला लावला. "बोलते वं ही," त्या म्हणाल्या. "त्या दिवशी वाटलं, पोरगी मुकी आहे का काय. म्हणूनच अडलो होतो. माझ्या पोराले कोणीतरी बोलणारं पाहिजे, तो नुसता पुस्तकात पाहत राहते."

हे कापडाचे गठ्ठे घेऊन परतले तेव्हा त्यांची होणारी विहीण त्यांच्या लॉनच्या मधोमध उकिडवी बसली होती. तिनं वर बघून एवढंच म्हटलं, "भाऊ, पाणी लई पाजता तुम्ही." सिस्टरबाईंना यातलं काही ऐकू गेलं नाही. त्या कोपऱ्यातली माती खणत होत्या.

साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, त्याच उघड्या मातीवर झालं, सतरंजी घालून. आणि सगळ्या पाहुण्यांसमोर पेढे वाटले जात असताना, ट्रे घेऊन सिस्टरबाई गुलाबांमध्ये शिरल्याच. त्यांच्यात सुधारणा म्हणून नाही.

पुढच्या काही वर्षांत त्यांना खोकला लागला. राऊंड लहान होत गेला. शेवटच्या पावसाळ्यात एका संध्याकाळी आल्या, मोजकीच पानं उलटली, मला रॉकेलही मागितलं नाही. फाटकाशी मात्र नेहमीसारखा वेळ घेतला. मग त्यांची एक भाची आली, तिनं त्यांना ज्या दवाखान्यात त्यांचं आयुष्य गेलं तिथेच नेलं. तिथून त्या परत आल्या नाहीत.

आता लॉन नाही, तिथे मेथी असते. भुंगेरे दर वर्षी येतात, आम्ही फांद्या झटकतो, शेजारी कधी झटकतात, कधी नाही. ते लहान फाटक मात्र तेव्हापासून उघडलेलं नाही. तार गंजली आहे, पण वेढे तसेच सपाट आहेत, टोक आत दाबलेलं. पक्कड हाताशी असते. तरीही हे मागच्या गल्लीत जायचं असलं की कुरकुरत पुढच्या दारानं पूर्ण वळसा घालून जातात.