मोकळ्या प्लॉटवरची भाजी

जालन्यात आमच्या कॉलनीतल्या मोकळ्या प्लॉटवर दर रविवारी भाजी विकायची, ही कल्पना माझीच. माझी मोठी जाऊ कुंभार पिंपळगावकडे शेती करते. तिची मेथी, वांगी अडत्याकडून फिरत फिरत शहरातल्या दारांपर्यंत पोचेस्तोवर मलूल व्हायची. तिनं आणि तिच्या शेजारणींनी सरळ इथंच का येऊ नये, असं मनात आलं आणि मग मला घरात बसवेना. घरोघर जाऊन सांगितलं. पहिल्या रविवारी टेम्पो दिसेपर्यंत गेटपाशी नुसत्या येरझारा घातल्या. ऊन चढायच्या आत सगळा माल संपला.

काही आठवड्यांनी आमच्या गल्लीत वर्षानुवर्षं हातगाडी आणणारी मावशी माझ्या दारात आली. गाडी भरलेलीच होती.

"ताई, सोमवारी बी कोणी घेत न्हाई आता. समद्यांचे फ्रिज भरलेले."

ती रागावली असती तर बरं झालं असतं. ती गेली, आणि त्या दिवसापासून मेथी निवडायला बसले तरी तिची हाक ऐकली की मी उठून खिडकीशी जायचे.

जावेला फोन करून मावशीचं सांगितलं. ती म्हणाली, "मंग आम्ही येऊ न्हाई का? आत्ता कुठं बाया स्वतः भाव सांगून राह्यल्या."

पुढच्या रविवारी मावशीला प्लॉटवर बोलावलं, तिला आणि जावेला चहा दिला. मावशीनं भेंडी मोडून पाहिली. "जून झाली. कोथिंबीर बेस आहे."

"मंग सांगा की, काय आणू?" जाऊ म्हणाली.

तिथून बोलणं सुरू झालं. जावेनं बुधवारीही माल पाठवून मावशीच्या गाडीवर द्यायचा, रविवारी तिनं बटाटे, लिंबं, आलं घेऊन जावेच्या शेजारीच उभं राहायचं. भावावरून मध्ये बिनसलं. मावशी येईनाशी झाली, तेव्हा मी तिच्या घरी दोनदा जाऊन आले. आता येते. माझ्याशी मात्र पहिल्यासारखं बोलत नाही.

काल पलीकडच्या कॉलनीतल्या बायका विचारायला आल्या, "आमच्याकडं कधी सुरू करता?"

"तुमच्या गल्लीत भाजीची गाडी कोण लावतं?" मी विचारलं. कुणालाच नीट सांगता येईना. मग मीच चपला घातल्या.