घोटीमार्गे मेक्सिको

इंदिरानगरातून मेक्सिकोला जायला व्हिसा लागत नाही. एक कापडी पिशवी, बायकोचा हुकूम आणि घोटीची बस एवढं पुरतं. रविवारी सकाळी मी या सगळ्यानिशी निघालो.

आमची प्रज्ञा तिकडे शिकायला गेली आणि दिएगो नावाचा नवरा घेऊन आली. जावई द्राक्षांतला जाणकार. विंचूरच्या वाइन पार्कातल्या एका कंपनीनं त्याला नोकरी देऊ केली होती, आणि सोमवारी उत्तर द्यायचं होतं. हो म्हणाला तर लेक हाकेच्या अंतरावर, नाही म्हणाला तर सातासमुद्रापार. म्हणून बायकोनं, मंदानं ठरवलं, की जावयाला त्याच्या गावचा कार्ने असादा (लिंबू-मसाल्यात मुरवून निखाऱ्यावर भाजलेले मांसाचे काप, तिकडे बैलाचे, आपल्याकडे बोकडाचे) खाऊ घालायचा.

"इथंही सगळं मिळतं, हे कळू दे त्याला," ती म्हणाली.

काप हवेत सपाट, तळहाताएवढे. आमच्या खाटकानं मागणी ऐकून "उद्या या" म्हटलं, म्हणजे येऊ नका. मग मला घोटीचे खाटीक शब्बीरभाई आठवले. तिथल्या बँकेच्या शाखेत कारकून होतो तेव्हापासूनची ओळख.

वाडीवऱ्हे मागे पडलं की डोंगर जवळ येतात आणि भाताची खाचरं (बांध घातलेली शेतं) सुरू होतात. मी खिडकीतून बघत होतो आणि मनात मात्र विंचूर होतं.

"तोडायचं नाय?" शब्बीरभाईंनी विचारलं. "मग शिजंल कसं, साहेब?"

"भाजायचंय."

"भाजलं तरी तोंडात मावलं पायजे ना."

बोलता बोलता त्यांच्या सुऱ्यानं अख्ख्या मांडीचे रश्श्याचे तुकडे करून टाकले. त्यांनी खाली पाहिलं आणि तेच ओशाळले.

"हाताला सवय हाय. दुसरी मांडी घेतो. पण तुम्ही जरा तिकडं जाऊन बसा, बोलू नका माझ्याशी."

मी समोरच्या टपरीवर जाऊन भजी खाल्ली. प्रवासवर्णनात स्थानिक खाद्य यावंच लागतं. तुकडे झालेली मांडीही निमूट घेतली आणि परतीची बस धरली.

घरी प्रज्ञानं लिंबू, संत्र्याचा रस, लसूण, मिरची, कोथिंबीर लावून काप मुरत ठेवले आणि ती कोळसा आणायला गेली. जाताना म्हणाली, "दोन्ही बाजूंनी नुसता चटका द्यायचा, की झालं."

मंदा पातेल्याकडे बघत उभी राहिली. "जावयाला कच्चं वाढू?" असं मला विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता सगळं कुकरमध्ये घातलं. चार शिट्ट्या.

"आई, वाट लावलीस," प्रज्ञानं कपाळाला हात लावला.

"त्याचं पोट बिघडलं असतं तर काय केलं असतंस?"

ते काप बाल्कनीत शेगडीवर टाकले, तर धागे सुटून जाळीतून निखाऱ्यात पडायला लागले. मंदाचं तोंड उतरलं. मला तर विंचूरची नोकरीच जळताना दिसली.

दिएगोनं मक्याच्या भाकरीत मांस गुंडाळलं, घास घेतला आणि थांबला. डोळ्यांत पाणी. मी मिरचीला दोष दिला. मग तो प्रज्ञाशी बराच वेळ बोलला.

"त्याची आईपण आधी उकडूनच घेते म्हणे," प्रज्ञा म्हणाली. "कच्चं राहील या भीतीनं. सगळी गल्ली हसते तिला. हुबेहूब तिच्या हातचं झालंय."

मंदानं माझ्याकडे अशा काही नजरेनं पाहिलं, की मी दुसरी भाकरी मुकाट्यानं वाढून घेतली. दिएगो पाच भाकरी जेवला, हात धुतले आणि आईला फोन लावत बाल्कनीत गेला. तिथं तो हसत होता, मग हसेना.

आत येऊन तो मंदाजवळ बसला. महिनाभरात शिकलेलं सगळं मराठी त्यानं एकदम वापरलं. "आई, विंचूर नाही. मी घरी जातो."

मंदानं प्रज्ञाला विचारलं, "एकटीच असते का त्याची आई?"

"हो."

"मग जा बाई. तूही जा."

ती उठली आणि शेगडीतले निखारे विझवायला लागली. मला रडू येत होतं, म्हणून मी ताटं उचलली.

दोघांना मुंबईच्या विमानतळावर सोडून आम्ही परत निघालो. कसारा घाट चढताना मी मनात हिशेब मांडला. जावयाला राखायला म्हणून मी घोटी गाठली, हिनं कुकर लावला, आणि आम्ही दोघांनी मिळून त्याला त्याच्या आईकडे नेऊन पोचवलं, ते मात्र बिनचूक.

घाट संपल्यावर ती म्हणाली, "पुढच्या वेळी कच्चंच वाढीन."